बदली आदेशाला आव्हान (कोकण)

प्रशासकीय बदलीविरुद्ध सरकारी कर्मचाऱ्यानं मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, किंवा हायकोर्टात मागितलेली दाद. बदली काय असते ते कोकणात कुणाला सांगायला नको, मे महिन्यात याद्या लागल्या की खेडपासून सावंतवाडीपर्यंत ऑफिसात दुसरा विषयच नसतो.

कायद्याचा मूळ कल कर्मचाऱ्याच्या बाजूचा नाही. बदली हा नोकरीचाच भाग, कोर्टानं सहसा हात घालू नये, हे शिल्पी बोस खटल्यात (१९९१) सुप्रीम कोर्टानं सांगितलं. तिथे नवऱ्याच्या गावी विनंती बदली मिळालेल्या शिक्षिकांमुळे हललेले शिक्षक कोर्टात गेले होते आणि हरले. अब्बास खटल्यात (१९९३) शिलाँगच्या कर्मचाऱ्याची बायकोही तिथेच नोकरीला होती, तरी पती-पत्नी एकत्र ठेवायची मार्गदर्शक तत्त्वं म्हणजे हक्क नव्हे असं ठरलं. उरतात दोनच वाटा, दुष्ट हेतू नाहीतर नियमभंग, आणि हेतू सिद्ध करणं महाकठीण.

म्हणून सगळा भार येतो तो २००५ च्या बदली विनियमन कायद्यावर (२००६ चा महाराष्ट्र अधिनियम २१). त्याचं श्रेय बरेच जण अण्णा हजारेंच्या आंदोलनाला देतात, ते बऱ्याच अंशी पटतं. अंमल साधारण २००६ च्या जुलैपासून धरतात. कलम ३ मध्ये एका पदावर साधारण तीन वर्षं, कलम ४ मध्ये वर्षातून एकदाच एप्रिल-मे मध्ये बदल्या. खरा वाद अपवादांचा: एप्रिल-मे सोडून केलेली बदली पोटकलम ४(४) च्या परंतुकात, म्हणजे अपवादाच्या तरतुदीत, बसते, तीन वर्षांआधीची ४(५) मध्ये, आणि ऑक्टोबरात दीड वर्षातच उचललेल्या माणसाला दोन्ही लागतात, पण आदेशात बहुधा दोन्ही कलमं एका ओळीत टाकून खाली 'प्रशासकीय कारणास्तव' एवढंच असतं. दोन्हीकडे लेखी कारण लागतं, वरच्या प्राधिकाऱ्याची मान्यता लागते, तीही आधी. 'प्रशासकीय कारणास्तव' हे दोन शब्द पुरेत हा सरकारी वकिलांचा नेहमीचा पवित्रा, पण किशोर म्हस्के प्रकरणात (२०१३) मुंबई हायकोर्टानं कारण खरोखर मांडलेलं हवं म्हटलं आणि तेच मत जास्त सरळ वाटतं. त्यामुळे सुनावणीत भाषणापेक्षा मंत्रालयातली मूळ फाईल बोलते, टिपणीवर सही कुठल्या तारखेची, आमदाराचं शिफारसपत्र आत लावलंय का.

कोकणात घाई वेगळीच. स्टे मिळायच्या आत एकतर्फी कार्यमुक्त केलं की केस निम्मी गेली, म्हणून लोक आदेश हातात पडताच रात्रीची कोकणकन्या धरून मुंबई गाठतात. स्टे नसताना नव्या जागी हजर न होणं महागात पडतं, पोशानी खटल्यानं (१९८९) ते पक्कं केलंय.

मॅटच्या निकालावर हायकोर्टाच्या दोन न्यायमूर्तींपुढे जाता येतं (चंद्रकुमार, १९९७). झेडपीच्या शिक्षकांना मॅट लागूच नाही, ते थेट हायकोर्टात रिट याचिका करतात, त्यांचे वाद ऑनलाइन बदल्या नि 'अवघड क्षेत्रा'त कुठली शाळा धरली याचे. १८ ऑगस्ट २०२५ पासून रत्नागिरी-सिंधुदुर्गची रिटं कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे जातात, रायगडची मुंबईलाच. बेंच हायकोर्टाचं आहे, मॅटचं नाही, तेव्हा मॅटमध्ये जाणाऱ्या तलाठ्याला गाडी मुंबईचीच पकडावी लागते.