बर्बेरिन

काही वनस्पतींच्या मुळांत, खोडांत आणि सालीत सापडणारे गर्द पिवळे, अत्यंत कडू अल्कलॉइड (वनस्पतींत बनणारे नत्रयुक्त द्रव्य). चिनी वैद्यकात ते मुख्यतः ह्वांग-ल्येन या मुळीतून आणि ह्वांग-बो या झाडाच्या सालीतून वापरले जाते. आपल्याकडच्या दारुहळदीचा पिवळेपणाही याच द्रव्याचा. ‘बर्बेरिन’ हे नाव युरोपीय रसायनशास्त्रज्ञांनी बर्बेरिस या झुडपांच्या प्रजातीवरून एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात दिले आणि दारुहळद त्याच प्रजातीतली आहे. चीनमध्ये मात्र आजही लोक औषधाच्या दुकानात जाऊन ‘ह्वांग-ल्येन-सू’, म्हणजे ह्वांग-ल्येनचे सत्त्व, असेच मागतात.

ह्वांग-ल्येन : कॉप्टिस प्रजातीतल्या लहान, सावलीप्रिय वनस्पतींचे हे मूलक्षोड (जमिनीखालचे आडवे खोड). चिनी औषधसंहितेत त्याच्या तीन जाती मान्य आहेत. कॉप्टिस चायनेन्सिस ही सर्वांत प्रचलित, कॉप्टिस डेल्टॉइडिया दुसरी आणि कॉप्टिस टीटा तिसरी. पहिल्या जातीची लागवड मुख्यतः चोंगचिंग परिसरात, विशेषतः शिचू भागात होते. डोंगरउतारावर मांडव घालून, सावली धरून ती वाढवावी लागते आणि खणण्याजोगी मुळी तयार व्हायला साधारण पाच वर्षे जातात. वाळलेला गड्डा पाहिला तर खरबरीत, तपकिरी तुकडे एका बुडख्यातून फुटलेले दिसतात. कोंबडीच्या पायासारखा हा आकार इतका ठळक आहे, की चिनी व्यापारात तिला ‘कोंबडीच्या पंजाची ल्येन’ असेच म्हणतात. तुकडा मोडला की आतून नारिंगी-पिवळा रंग उघडा पडतो. चघळला तर कडूपणा जिभेवर बराच वेळ रेंगाळतो आणि लाळ तांबूस पिवळी होते. जाणकार आजही या लाळेच्या रंगावरून माल पारखतात. नावातील ‘ह्वांग’ म्हणजे पिवळा आणि ‘ल्येन’ म्हणजे जोडलेले, सलग. मुळीला मण्यांच्या माळेसारख्या गाठी असतात म्हणून हे नाव, असे सोळाव्या शतकातील प्रसिद्ध वनौषधीतज्ज्ञ लि शिचन यांनी सांगितले आहे.

या कडूपणाला चिनी भाषेत स्वतःची म्हणही आहे : ‘मुक्याने ह्वांग-ल्येन खाल्ली, कडू तर आहे, पण सांगता येत नाही.’ मराठीत ज्याला आपण तोंड दाबून बुक्क्यांचा मार म्हणतो, तीच ही अवस्था.

चिनी वैद्यकातील स्थान : सर्वांत जुन्या चिनी औषधग्रंथात, ‘शेन्नोंग बनत्साओ चिंग’मध्ये, ह्वांग-ल्येन वरच्या वर्गातील औषधींत गणली आहे. इ. स. २०० च्या सुमारास होऊन गेलेल्या वैद्य चांग चोंगचिंग यांच्या योगांमध्येही ती येते. त्यातला एक योग ज्वरासह होणाऱ्या जुलाबांसाठी आहे आणि तो आजही चिनी वैद्यांच्या वापरात आहे. चिनी सिद्धांताप्रमाणे ही मुळी रसाने कडू, गुणाने थंड. ती शरीरातली ‘उष्णता’ काढते आणि ‘ओल’ सुकवते. या भाषेचे आजच्या वैद्यकात शब्दशः भाषांतर होत नाही, पण ज्या रोग्यांना ती दिली जात असे त्यांची लक्षणे पाहिली तर चित्र स्पष्ट होते : हगवण, रक्त-आव, तोंड येणे, डोळे लाल होणे, पिकलेले फोड. एकूण, जंतुसंसर्गाने पेटलेले आतडे किंवा त्वचा. ती क्वचितच एकटी दिली जाते. ‘ह्वांग-ल्येन च्ये-दू थांग’ या प्रसिद्ध काढ्यात ह्वांग-ल्येनच्या जोडीला ह्वांग-छिन, ह्वांग-बो आणि गार्डेनियाची फळे असतात. पहिल्या तिघींच्या नावांत ‘ह्वांग’ आहे हा योगायोग नाही, कारण तिन्ही पिवळ्या आहेत. मात्र ह्वांग-छिनचा पिवळेपणा निराळ्याच द्रव्यांचा असतो, बर्बेरिनचा नव्हे. आजच्या चिनी औषधसंहितेत मुळीची मात्रा दिवसाला २ ते ५ ग्रॅम एवढीच आहे. थंड गुणाचे औषध फार दिवस घेतले तर जठराग्नी मंदावतो, हा वैद्यांचा जुना इशारा.

कागद आणि रंग : बर्बेरिनचा सर्वांत सुंदर पुरावा वैद्यकाबाहेरचा आहे. सहाव्या शतकात चिया स-श्ये या लेखकाने लिहिलेल्या ‘छीमिन याओशू’ या शेतीविषयक ग्रंथात ह्वांग-बोच्या सालीच्या पाण्यात कागद रंगवण्याची कृती दिली आहे. साल भिजवायची, कांडायची, उकळायची, गाळायची आणि त्या पाण्यातून कागद काढायचा. असा कागद किडीला नकोसा होतो. पोथ्या टिकाव्यात म्हणून चिनी बौद्ध मठांतून हजारो गुंडाळ्या या पिवळ्या कागदावर लिहिल्या गेल्या. वायव्य चीनमधील तुन्हुआंगच्या गुहेतून पुरातत्त्वज्ञ ऑरेल स्टाइन याने १९०७ मध्ये नेलेले आणि आज ब्रिटिश लायब्ररीत असलेले ‘वज्रच्छेदिका’ सूत्र इ. स. ८६८ मध्ये छापलेले आहे. तारीख नोंदलेले जगातले सर्वांत जुने छापील पुस्तक म्हणून ते ओळखले जाते. मूळ ग्रंथ संस्कृत, भाषांतर कुमारजीवाचे आणि कागद याच सालीने पिवळा झालेला. लिहिताना चूक झाली तर चिनी लेखनिक त्यावर हरताळ (एक पिवळे खनिज) फासत, कारण हरताळाचा पिवळा कागदाच्या पिवळ्यात बेमालूम मिसळे. मराठीतला ‘हरताळ फासणे’ हा वाक्प्रचारही पोथ्यांवरच्या अशाच दुरुस्तीतून आलेला आहे.

रंगशास्त्राच्या दृष्टीनेही हे द्रव्य वेगळे पडते. त्याच्या रेणूवर कायम धनभार असतो. वनस्पतींतून मिळणाऱ्या रंगांत असे उदाहरण फार दुर्मिळ आहे. त्यामुळे रेशीम आणि लोकर ते तुरटीच्या मदतीशिवाय धरून ठेवतात. अतिनील दिव्याखाली ते लख्ख पिवळे चमकते आणि जुन्या कागदांतून त्याचा माग काढायला ही चमक उपयोगी पडते. नाव सारखे असले तरी आपल्या स्वयंपाकातल्या हळदीशी त्याचे रासायनिक नाते नाही. हळदीतला कुरकुमिन चुन्याने लालभडक होतो, कुंकू बनते ते यामुळेच. बर्बेरिन असे लाल होत नाही.

रसायन : बर्बेरिन हे आयसोक्विनोलिन गटातले अल्कलॉइड. वनस्पती ते टायरोसिन या अमिनो आम्लापासून बनवते. वाटेत रेटिक्युलिन नावाचा टप्पा लागतो आणि तिथून रस्ते फुटतात : अफूच्या झाडात तो मॉर्फिनकडे जातो, ह्वांग-ल्येनमध्ये बर्बेरिनकडे. वाळलेल्या चांगल्या ह्वांग-ल्येनमध्ये निदान साडेपाच टक्के बर्बेरिन असावे, अशी चिनी औषधसंहितेची अट आहे. एका द्रव्याचे एवढे प्रमाण वनस्पतींत विरळच. औद्योगिक पातळीवर मात्र महागड्या ह्वांग-ल्येनऐवजी ह्वांग-बोची साल किंवा बर्बेरिसची मुळे वापरतात. ती सौम्य सल्फ्युरिक आम्लात भिजवतात, चुन्याने गाळ बसवतात आणि मग मीठ व हायड्रोक्लोरिक आम्ल घालून क्लोराइडचे पिवळे कण खाली बसवतात. थंड पाण्यात क्लोराइड फारसे विरघळत नाही, म्हणून ही युक्ती चालते.

पोटातच राहणारे औषध : बर्बेरिनविषयी एक गोष्ट नीट कळली की बाकीची कोडी सुटू लागतात. तोंडाने घेतलेल्या मात्रेपैकी एक टक्काही रक्तात पोहोचत नाही. आतड्याच्या भिंतीतल्या पेशी ते आत आले की उलट बाहेर फेकतात आणि जे निसटून आत जाते त्याचा बराचसा भाग यकृत बदलून टाकते. म्हणजे उरलेले सगळे आतड्यात, तिथल्या जिवाणूंच्या सहवासात. शेकडो वर्षे ते हगवणीवर का चालत आले, याचे उत्तर इथेच आहे. जिथे रोग, तिथेच औषध साचून राहते.

पटकीवर आणि जुलाबांवर त्याची आधुनिक पारख प्रामुख्याने आपल्याच उपखंडात झाली. १९६७ मध्ये कोलकात्यातील लाहिरी आणि दत्ता यांनी पटकीच्या रोग्यांवर क्लोरॅम्फेनिकॉल या प्रतिजैविकाच्या तुलनेत ते वापरून पाहिले. पुढे ढाक्यात १६५ पुरुषांवर झालेली आणि १९८७ मध्ये प्रसिद्ध झालेली चाचणी अधिक काटेकोर होती. ई. कोलाय जिवाणूच्या विषामुळे झालेल्या जुलाबांत ४०० मिलिग्रॅमची एकच मात्रा दिल्यावर २४ तासांत ४२ टक्के रोग्यांचे जुलाब थांबले, औषध न दिलेल्यांत हे प्रमाण २० टक्के होते. पटकीत मात्र गुण फार थोडा आला आणि टेट्रासायक्लिन या प्रतिजैविकाच्या जोडीला दिल्याने काही भर पडली नाही. ही चाचणी मला मोलाची वाटते, कारण तिने औषध कुठे चालते आणि कुठे नाही हे एकाच कागदावर दाखवले. जुलाबांत माणूस दगावतो तो पाणी आणि क्षार गेल्यामुळे. त्यामुळे मीठ-साखरेच्या पाण्याची जागा बर्बेरिन घेऊ शकत नाही.

साखर आणि चरबी : चीनमध्ये जुलाबांसाठी बर्बेरिन घेणाऱ्या मधुमेहींची रक्तशर्करा उतरते, असे १९८० च्या दशकात लक्षात आले आणि द्रव्याचे दुसरे आयुष्य सुरू झाले. २००४ मध्ये चिनी संशोधकांनी दाखवले, की ते यकृताच्या पेशींवर वाईट कोलेस्टेरॉल रक्तातून ओढून घेणारे ग्राही (रिसेप्टर) वाढवते, आणि तेही स्टॅटिन औषधांपेक्षा निराळ्या मार्गाने. तीन महिन्यांत रोग्यांचे वाईट कोलेस्टेरॉल सुमारे २५ टक्के घटले. २००८ मध्ये नव्याने निदान झालेल्या ३६ मधुमेहींच्या चाचणीत त्याची तुलना मेटफॉर्मिन या मधुमेहावरील प्रचलित औषधाशी झाली आणि साखर उतरवण्यात दोन्ही जवळपास सारखी ठरली. पेशींतल्या ऊर्जानिर्मितीला किंचित लगाम घालून ‘एएमपीके’ हे विकर (एन्झाइम) जागे करणे, ही दोघांचीही रीत मिळतीजुळती आहे.

पण ३६ माणसे म्हणजे ३६ माणसे. असल्या लहान, थोड्या महिन्यांच्या चाचण्यांवर बर्बेरिनची आजची कीर्ती बरीचशी उभी आहे आणि समाजमाध्यमांवर ते वजन उतरवणारे ‘नैसर्गिक इंजेक्शन’ म्हणून विकले जाते तेव्हा ही गोष्ट कुणी सांगत नाही. वजनातली घट चाचण्यांत दिसते ती अल्पशी. मेटफॉर्मिनमागे अनेक दशकांचा आणि लाखो रोग्यांचा अनुभव आहे, बर्बेरिनमागे तसा नाही. डॉक्टरांनी दिलेली गोळी बंद करून हे सुरू करणे धोक्याचे आहे. मोठ्या चाचण्यांपैकी एक वेगळ्याच विषयावर झाली : मोठ्या आतड्यातील पॉलिप (अस्तरावर वाढणाऱ्या गाठी) काढलेल्या रोग्यांत ते पुन्हा येतात का, हे पाहण्यासाठी चीनमध्ये ११०८ जणांना घेतले गेले. २०२० मध्ये आलेल्या निकालात बर्बेरिन घेणाऱ्यांपैकी ३६ टक्क्यांना आणि नुसती दिखाऊ गोळी घेणाऱ्यांपैकी ४७ टक्क्यांना पॉलिप पुन्हा आले. इथेही औषधाचे कार्यक्षेत्र आतडेच होते.

धोके : सर्वांत सामान्य त्रास पोटाचा. बद्धकोष्ठ, पोटात मुरडा, क्वचित जुलाब. त्याहून महत्त्वाचे म्हणजे यकृतातील औषधे मोडणाऱ्या काही विकरांना ते अडवते, त्यामुळे दुसऱ्या औषधांची रक्तातली पातळी वाढू शकते. मूत्रपिंड बसवलेले रोगी घेतात त्या सायक्लोस्पोरिनबाबत हे स्पष्ट दिसले आहे. साखरेची औषधे चालू असणाऱ्यांची साखर प्रमाणाबाहेर उतरू शकते. गर्भवती आणि स्तनपान देणाऱ्या स्त्रियांनी ते टाळावे.

नवजात बाळांचा विषय स्वतंत्र आहे. दक्षिण चीनमध्ये आणि तिथून स्थलांतरित झालेल्या कुटुंबांत ‘गर्भातले विष’ उतरावे म्हणून जन्मानंतरच्या पहिल्या दिवसांत बाळाला ह्वांग-ल्येनचे पाणी चाटवण्याची पद्धत होती. आपल्या बाळगुटीइतकीच ती घरगुती आणि मायेची. प्रयोगशाळेत मात्र असे दिसले, की बर्बेरिन रक्तातल्या अल्ब्युमिन या प्रथिनावरून बिलिरुबिनला (काविळीतल्या पिवळ्या द्रव्याला) हुसकावून लावते. सुटे झालेले बिलिरुबिन बाळाच्या मेंदूत शिरले तर कायमची इजा होते. सिंगापूरमध्ये नवजात कावीळ ही मोठी चिंता होती. तिथे १९७८ मध्ये ह्वांग-ल्येन आणि बर्बेरिनवर बंदी आली आणि ती तीन दशकांहून अधिक काळ टिकली. पुढे पुराव्यांची फेरतपासणी होऊन ती उठली. तरीही कावीळ असलेल्या किंवा जी६पीडी विकराची उणीव असलेल्या बाळाला ही मुळी देऊ नये, हा सल्ला कायम आहे.

भारतातील नातेवाईक : आयुर्वेदातील दारुहळद (दार्वी, दारुहरिद्रा) म्हणजे हिमालयातील बर्बेरिस अॅरिस्टाटा. महाराष्ट्रात काष्ठौषधींच्या दुकानात तिच्या काड्या मिळतात. नखाने साल खरवडली की आत पिवळा धमक रंग दिसतो. तिचा काढा आटवून केलेले काळपट, लाखेसारखे घट्ट द्रव्य म्हणजे रसांजन किंवा रसोत. ते जुन्या काळापासून डोळ्यांच्या विकारांवर वापरले जाई. ग्रीक-रोमन जगात ‘भारतीय लायकियन’ या नावाने जाणारे नेत्रौषध म्हणजे हेच रसांजन, अशी ओळख जॉन फोर्ब्ज रॉयल या वनस्पतिशास्त्रज्ञाने एकोणिसाव्या शतकात पटवली. दक्षिणेत दारुहळद म्हणून कॉसिनियम फेनेस्ट्रेटम या वेलीचे खोडही विकले जाते. तिच्यातही बर्बेरिन आहे, पण ती वेगळ्या कुळातली आहे. आपल्याकडे पडीक रानात उगवणाऱ्या पिवळ्या धोत्र्यातही ते सापडते. त्याच्या बियांचे तेल मोहरीच्या तेलात मिसळले गेले की जलोदरासारखी सूज येऊन माणसे दगावतात. १९९८ मध्ये दिल्लीत अशी साथ आली होती. तिथले विष मात्र बर्बेरिन नव्हे, तर त्याचेच भावंड सँग्विनारिन.

ह्वांग-ल्येनची तिसरी जात, कॉप्टिस टीटा, भारतातही उगवते : अरुणाचल प्रदेशाच्या मिश्मी टेकड्यांत तिला ‘मिश्मी तीता’ म्हणतात आणि उत्तर हिंदुस्थानच्या बाजारात ती ‘ममीरा’ या नावाने डोळ्यांच्या अंजनासाठी विकली जाई. सीमेपलीकडे युन्नानच्या डोंगरांत लिसू लोक हीच वनस्पती जंगलाच्या सावलीत लावतात आणि चिनी वैद्य तिला ‘युन-ल्येन’ म्हणतात. रानातली मुळी दोन्ही बाजूंनी खणून-खणून इतकी विरळ झाली आहे, की ती आता संकटग्रस्त वनस्पतींत मोडते.