पार्श्वभूमी : योशिरो मुराकी आणि एका श्रेयनामाचा गुंता

जपानी चित्रपटांचे सेट आणि एकूण दृश्यरूप घडवणारे योशिरो मुराकी (१९२४-२००९) यांच्या कामाला नेमके काय म्हणावे, हा प्रश्न दिसतो तितका किरकोळ नाही. जपानी श्रेयनामावलीत त्यांच्या नावापुढे ‘बिजुत्सु’, म्हणजे ‘कला’, एवढाच शब्द असतो. पदाचा उल्लेख ‘बिजुत्सु कान्तोकु’, म्हणजे शब्दशः कलादिग्दर्शक, असा होतो. हॉलिवूडमध्ये १९३९च्या ‘गॉन विथ द विंड’पासून ‘प्रॉडक्शन डिझायनर’ (चित्रपटाचे एकूण दृश्यरूप ठरवणारा) ही त्याच्या वरची पायरी रूढ होत गेली आणि ‘आर्ट डायरेक्टर’ हळूहळू तिच्या हाताखाली गेला. जपानी शब्दाचे ‘आर्ट डायरेक्टर’ असे सरळ भाषांतर केले की मुराकी नकळत एक पायरी खाली उतरतात, आणि हे अन्यायाचे आहे. आपल्याकडचा ‘नेपथ्य’ हा शब्द नाटकाच्या सेटपुरता उरला असला, तरी संस्कृतात त्यात नटाची वेशभूषाही येत असे. मुराकींना तो जुना अर्थ जास्त शोभतो. त्यांच्या चार ऑस्कर नामांकनांपैकी पहिले, ‘योजिंबो’चे (१९६१), वेशभूषेसाठी होते, कलादिग्दर्शनाची तीन नंतर आली. ऑस्करने २०१२मध्ये त्या विभागाचे नाव ‘प्रॉडक्शन डिझाइन’ असे केले, तेव्हा मुराकी हयात नव्हते.

जपानी दिग्दर्शक अकिरा कुरोसावा यांच्या ‘ड्रंकन एंजल’वर (१९४८) मुराकी सहायक होते. १९५५पासून कुरोसावांच्या चित्रपटांच्या कलादिग्दर्शनाची जबाबदारी त्यांच्याकडे आली आणि रशियात चित्रित झालेला १९७५चा चित्रपट सोडल्यास शेवटपर्यंत त्यांच्याकडेच राहिली.

‘थ्रोन ऑफ ब्लड’चा (१९५७) किल्ला फुजी पर्वताच्या उतारावर उभारला गेला, तो तिथल्या धुक्यासाठी आणि काळ्या ज्वालामुखी मातीसाठी. शाईच्या चित्रासारखा परिणाम साधायचा होता, म्हणून भिंतीही काळ्या ठेवल्या गेल्या. जवळच्या तळावरील अमेरिकी मरीन सैनिकांनी उभारणीला हातभार लावला. किल्ल्याचे अंगण मात्र टोकियोतील स्टुडिओत होते आणि जमीन जुळावी म्हणून फुजीची माती तिथे वाहून नेण्यात आली. जुन्या गढ्यांच्या आराखड्यांचा अभ्यास झाला होता, तरी तयार झालेली वास्तू कोणत्याही एका कालखंडाची नव्हती. रुंद दालने, ठेंगणी छते आणि बुटके खांब यांतून नायकाच्या मनावरचे दडपण दिसावे, असा हेतू होता. असे निर्णय घेणाऱ्याला केवळ सजावट करणारा म्हणणे कठीण आहे.

‘तोरा! तोरा! तोरा!’साठी (१९७०) जपानच्या क्यूशू बेटाच्या किनाऱ्यावर एका युद्धनौकेची पूर्ण आकाराची प्रतिकृती उभी राहिली. जपानी भागाचे दिग्दर्शक कुरोसावा यांना चित्रीकरणाच्या सुरुवातीलाच दूर करण्यात आले. मुराकींचे काम पडद्यावर राहिले आणि त्याला नामांकनही मिळाले. ‘कागेमुशा’ (१९८०) आणि ‘रान’ (१९८५) ही पुढची दोन नामांकने. ‘रान’चे त्यांना पत्नीसह मिळाले, कारण त्याही याच व्यवसायात होत्या. ‘रान’मध्ये काही दृश्यांसाठी हिमेजी आणि कुमामोतो येथील खरे किल्ले वापरले गेले. जाळायचा किल्ला मात्र पुन्हा फुजीच्याच उतारावर बांधण्यात आला आणि कॅमेऱ्यासमोर खरोखर पेटवला गेला. त्या आगीनंतर दुसरा टेक घेण्याची सोय उरली नव्हती.