मिलफर्डला पाऊस दाखवतोय, बोटीची तारीख बदलू का?

न्यूझीलंडच्या सहलीला येणाऱ्या आमच्या सहप्रवाशांसाठी माहितीपत्रक

निघायला आठ-दहा दिवस उरले की आमच्याकडे फोन सुरू होतात आणि त्यातले बहुतेक एकाच गोष्टीचे असतात. ‘मोबाइलवर बघितलं, मिलफर्डला आपल्या दिवशी पाऊस दाखवतोय. बोट एक दिवस पुढे ढकला ना.’ विचारणाऱ्यांना आम्ही दोष देत नाही. रजा काढून, पैसे साठवून एवढ्या लांब जायचं आणि नुसते ढग बघून परत यायचं, ही धास्ती कोणालाही वाटेल. पण प्रत्येकाला फोनवर तेच सांगण्यापेक्षा एकदा नीट लिहून ठेवावं, म्हणून हे पत्रक. बुकिंग झालं असेल तर निघण्यापूर्वी वाचा, झालं नसेल तर ठरवण्यापूर्वी.

उत्तर आधीच देतो. पावसासाठी तारीख बदलू नका. आपण जे धबधबे बघायला चाललोय, ते पावसाचेच आहेत.

मिलफर्ड साउंड म्हणजे दक्षिण बेटाच्या नैर्ऋत्य टोकाला, फियॉर्डलँड राष्ट्रीय उद्यानात, डोंगरांच्या पोटात सुमारे १५ किलोमीटर शिरलेला समुद्र. नावात ‘साउंड’ असलं तरी ते नाव चुकूनच पडलंय. नदीची दरी समुद्रात बुडाली तर तिला साउंड म्हणतात. ही दरी हिमनदीने कोरलेली आहे, म्हणजे हा फ्योर्ड. हिमनदीने कोरल्यामुळेच दोन्ही बाजूंचे कडे पाण्यातून भिंतीसारखे सरळ वर चढतात. समोर दिसणारं माइटर पीक हे शिखर जवळजवळ १,७०० मीटर उंच आहे. म्हणजे कळसूबाईपेक्षाही थोडं जास्तच, आणि पायथा थेट समुद्राच्या पाण्यात. फोटोत ही उंची कळत नाही. समोरून जाणारी दुसरी बोट काडेपेटीएवढी दिसायला लागते तेव्हा कळते.

टास्मन समुद्रावरून येणारे ओले वारे या डोंगरांना धडकतात आणि वर्षाला ६,००० मिलिमीटरहून अधिक पाऊस पाडतात. आपल्या आंबोली-महाबळेश्वरच्या पंक्तीतला हा आकडा. फरक एवढाच की तिथे पावसाळा असा वेगळा नाही. हा सगळा पाऊस बारा महिन्यांत वाटलेला आहे आणि वर्षातले साधारण निम्मे दिवस तो पडतो. त्यामुळे ‘कोरडा महिना कोणता, तेव्हाचं बुकिंग द्या’ या मागणीला आमच्याकडे सरळ उत्तर नाही. त्यातल्या त्यात कमी पाऊस जून ते ऑगस्ट या तिथल्या हिवाळ्यात असतो, पण तेव्हा दिवस लहान आणि रस्त्यावर बर्फ. ज्याला तिथला उन्हाळा म्हणतात त्या डिसेंबर-जानेवारीत तर भरपूर पाऊस असतो.

आता धबधब्यांचं. या कड्यांवर माती जवळजवळ नाहीच. खडकावर शेवाळ, त्यावर एकमेकांच्या मुळांत मुळं गुंतवून उभी राहिलेली झाडं. एखादं झाड सुटलं तर शेजारच्यांना ओढत सगळी रांगच्या रांग खाली येते. कड्यांवर जे उघडे पट्टे दिसतात ते अशा कोसळलेल्या झाडांचे. पाणी मुरायला जागाच नसल्यामुळे पडलेला पाऊस तसाच खाली धावतो. पाऊस सुरू झाला की थोड्याच वेळात कड्यावर एक पांढरी रेघ उमटते, मग चार, मग मोजणं सोडून द्यावं लागतं. शेकडो धबधबे, काहींना नावंही नाहीत. वारा जोराचा असेल तर काहींचं पाणी खाली पोहोचण्याआधीच फवारा होऊन उलटं वर उडतं. आणि पाऊस थांबला की एखाद्या दिवसात बहुतेक सगळे आटतात.

कोरड्या दिवसातही हमखास दिसणारे मोठे धबधबे दोनच. बंदराजवळचा बोवेन, सुमारे १६० मीटर, आणि पुढे उत्तरेच्या कड्यावरचा स्टर्लिंग, सुमारे १५० मीटर. दोन्ही सुंदरच आहेत. निळ्या आकाशाखाली, आरशासारख्या पाण्यात माइटर पीकचं प्रतिबिंब पडलेलं बघणं हासुद्धा एक अनुभव आहे आणि तुमच्या वाट्याला तो दिवस आला तर आम्हालाही आनंदच होईल. पण तो दिवस मिळावा म्हणून पावसाचा दिवस सोडू नका, एवढंच आमचं म्हणणं आहे.

हे अनुभवातून सांगतोय. एका सहलीत एक कुटुंब फार मागे लागलं म्हणून आम्ही फक्त त्यांची बोट दोन दिवसांनी पुढची घेतली. त्यासाठी हॉटेल बदललं, परतीची वेगळी गाडी केली, दोन दिवस आमची दोन माणसं फोनवरच होती. बाकीचा गट ठरल्या दिवशी भर पावसात गेला आणि कडे दोन्ही बाजूंनी पांढरे वाहताना बघून आला. या कुटुंबाला ऊन मिळालं, आणि दोन धबधबे. संध्याकाळी सगळे एकमेकांचे फोटो बघत बसले तेव्हा त्या घरातल्या आजी म्हणाल्या, ‘आपण कुठे दुसरीकडेच गेलो होतो का?’ त्या दिवसापासून पावसासाठी तारीख बदलून द्यायची नाही, असं आम्ही ठरवलं. काहींना हा हट्ट वाटतो. पण बोटीच्या जागा, गाडी, टे आनाऊ या आपल्या मुक्कामाच्या गावातल्या खोल्या हे सगळं एकमेकांत अडकलेलं असतं. एक धागा ओढला की पुढचे चार दिवस उसवतात आणि त्याचा त्रास गटातल्या बाकीच्यांना होतो.

आणखी एक. आठ-दहा दिवस आधीचा तिथला अंदाज बघून काही ठरवता येत नाही. समुद्रावरून ढगांच्या फळ्या एकामागून एक येतात. सकाळी मुसळधार आणि दुपारी ऊन, हे तिथे रोजचंच. मोबाइलवर दिसणारं पावसाचं चित्र त्या दिवशी पाऊस आहे एवढंच सांगतं. बोट सुटणार की नाही, हे त्यावरून कळत नाही.

मग फेरी रद्द कधी होते?

पावसामुळे क्वचितच. अडतं ते रस्त्यापाशी. टे आनाऊ ते मिलफर्ड हा सुमारे १२० किलोमीटरचा एकच रस्ता आहे, आणि त्यावर डोंगर फोडून काढलेला, १.२ किलोमीटर लांबीचा होमर बोगदा. त्याचं काम १९३५ मध्ये सुरू झालं आणि वाहतूक सुरू व्हायला १९५४ उजाडलं, यावरून त्या डोंगराची कल्पना यावी. हिवाळ्यात आणि वसंतात इथे हिमकडे कोसळण्याचा धोका असतो. धोका वाढला की प्रशासन रस्ता बंद करतं आणि तयार झालेला बर्फ आपणच पाडून टाकतं. अतिवृष्टीतही रस्ता बंद होतो. फेब्रुवारी २०२० मध्ये पुराने हा रस्ता जागोजागी वाहून गेला आणि शेकडो पर्यटक आत अडकले. हेलिकॉप्टरने त्यांना बाहेर काढावं लागलं. असा निर्णय प्रशासन घेतं आणि तो आम्ही कधीही वाकवायचा प्रयत्न करत नाही. ड्रायव्हरला ‘जरा बघा ना, जमेल’ असं कृपया म्हणू नका.

म्हणूनच आमच्या कार्यक्रमात टे आनाऊला दोन रात्री आहेत. ‘क्वीन्सटाउनहून लोक एका दिवसात जाऊन येतात, मग तुम्ही दोन रात्रींचे पैसे का लावता?’ हा आम्हाला विचारला जाणारा दुसरा प्रश्न. जाऊन येतात हे खरं आहे. क्वीन्सटाउनहून मिलफर्ड रस्त्याने जवळजवळ २९० किलोमीटर, एका बाजूला चार-पाच तास. पहाटे निघायचं, दोन तास बोटीत, आणि पुन्हा तेवढंच बसून रात्री परत. बारा-तेरा तासांचा दिवस होतो, आणि आपल्या गटात साठी ओलांडलेले बरेच जण असतात. शिवाय क्वीन्सटाउनच्या बस दुपारच्या सुमारास पोहोचतात, त्यामुळे धक्क्यावर सगळ्यात जास्त गर्दी तेव्हाच. टे आनाऊहून सकाळी निघालं की दोन-अडीच तासांत पोहोचतो, वाटेत आरशासारख्या तळ्यांपाशी थांबताही येतं, आणि आपली बोट गर्दीच्या आधी सुटते. पहिल्या दिवशी रस्ता बंद निघाला तर दुसरी सकाळ हाताशी असते. दोन्ही दिवस बंद राहिला तर बोटीचे पूर्ण पैसे परत, आणि त्या वेळात आम्ही टे आनाऊ सरोवरापलीकडच्या गुहा दाखवतो. तिथे अंधारात छताला चिकटलेल्या अळ्या निळसर प्रकाशाने चमकतात. तिथे जायला बोटच असते, मिलफर्डचा रस्ता लागत नाही.

त्या सकाळी एकच विनंती: गाडी सांगितल्या वेळेला सुटू द्या. बोट कोणासाठी थांबत नाही. वाटेत बराच भाग मोबाइलला रेंज नाही, म्हणजे उशीर होतोय हे कळवायलाही मार्ग नसतो. होमर बोगद्यापाशी कीआ नावाचे हिरवे डोंगरी पोपट गाडीवर येऊन बसतात, रबर उचकटतात. लहान मुलांना ते फार आवडतात. फोटो काढा, पण बिस्किटाचा तुकडासुद्धा देऊ नका. आयतं खायची सवय लागलेला कीआ रस्त्यावर येतो आणि गाडीखाली मरतो.

‘डॉल्फिन दिसतीलच ना?’

सीलची आम्ही जवळजवळ खात्री देतो. उन्हात आणि पावसातही ते एका ठरावीक खडकावर पसरलेले असतात. एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला कातड्यासाठी यांची इतकी शिकार झाली की ते संपत आले होते. आज १९७८ च्या कायद्याने समुद्री सस्तन प्राण्यांना संरक्षण आहे आणि सील पुन्हा वाढताहेत. डॉल्फिनची खात्री कोणी देत असेल तर विश्वास ठेवू नका. बाटलीनाक डॉल्फिनचे कळप या फ्योर्डमध्ये येतात, कधी बोटीच्या नाळेपुढे, म्हणजे पुढच्या टोकासमोर, पोहतातही, पण त्यांच्या मर्जीने. टावाकी हे पिवळ्या भुवयांचे पेंग्विन साधारण जुलै ते नोव्हेंबर अंडी-पिल्लांसाठी किनाऱ्यावर असतात. म्हणून दिवाळीच्या गटाला ते दिसण्याची आशा बरी असते. एप्रिल-मेच्या सुट्टीत आलात तर ते लांब समुद्रावर गेलेले असतात, हे आधीच सांगून ठेवतो.

डॉल्फिन दिसले की गटातून हमखास हाक येते, ‘कॅप्टनला सांगा, आणखी जवळ घ्या.’ तो घेणार नाही. तिथल्या १९९२ च्या नियमांनुसार कळपाच्या ३०० मीटरच्या आत एका वेळी तीनपेक्षा जास्त बोटी चालत नाहीत, आणि त्या अंतरात वेग इतका कमी ठेवावा लागतो की मागे लाट उठू नये. कळप फोडून मधून जाता येत नाही, बाजूने समांतर राहावं लागतं. त्यांना खायला घालायलाही बंदी आहे. याचा फायदा आपल्यालाच होतो. पाठलाग न झालेले डॉल्फिन बराच वेळ बोटीसोबत राहतात.

पाण्याचा रंग बघून घाबरू नका. इतका पाऊस जंगलातून गाळून येतो की समुद्रावर गोड्या पाण्याचा चहाच्या रंगाचा थर तरंगतो. तो उजेड अडवतो, त्यामुळे एरवी खूप खोल वाढणारं काळं प्रवाळ इथे दहा-बारा मीटरवरही सापडतं. बोटीवरचा मार्गदर्शक हे सगळं इंग्रजीत सांगतो. आमचा टूर लीडर शेजारी उभा राहून मराठीत सांगत असतो, म्हणून डेकवर गटाने एकत्र राहा.

बोट लागण्याबद्दल. फ्योर्डच्या आत पाणी सहसा शांत असतं, पण तोंडाशी, जिथे बोट उघड्या टास्मन समुद्रात वळते, तिथे ती डोलते. ज्यांना घाटात गाडी लागते त्यांनी डॉक्टरांना विचारून गोळी आणावी आणि बोट सुटण्यापूर्वी घ्यावी, मळमळ सुरू झाल्यावर नाही. त्या दहा-पंधरा मिनिटांत आत बसून मोबाइलकडे बघण्यापेक्षा बाहेर उभं राहून क्षितिजाकडे बघा.

धक्क्यावर सँडफ्लाय नावाच्या बारीक काळ्या माश्या चावतात. तिथल्या मूळ रहिवाशांच्या, म्हणजे माओरींच्या कथेत सांगतात की ही जागा इतकी सुंदर झाली की माणसं इथून हलणारच नाहीत, म्हणून मृत्यूदेवता हिने-नुई-ते-पो हिने या माश्या सोडल्या. पूर्ण बाह्यांचे कपडे घाला आणि अंगाला लावायचं औषध जवळ ठेवा. बोट चालू लागली की त्या मागे राहतात.

छत्री आणू नका. परतीच्या वाटेवर कप्तान बोटीची नाळ स्टर्लिंगच्या अगदी पायथ्याशी नेतो आणि वरून दीडशे मीटरचं पाणी वाऱ्यासकट अंगावर येतं. तिथे छत्री पहिल्या झोतात उलटी होते आणि शेजाऱ्याच्या डोळ्यात जाते. लांब रेनकोट आम्ही देतो, प्रत्येकाला आपल्या मापाचा, वेगळे पैसे न लावता. तुम्ही आणायचं ते एवढंच: न घसरणारे बूट, मोज्यांचा एक जादा जोड, मोबाइलसाठी प्लास्टिकची पिशवी आणि कॅमेऱ्याची काच पुसायला सुती फडकं. घरातल्या सगळ्यांची रेनकोटची मापं निघण्याच्या पंधरा दिवस आधी कळवा. लहान मुलांची मापं लोक हटकून विसरतात, आणि मग मुलं फेरीभर मोठ्यांच्या रेनकोटात अडखळत डेकवर फिरतात.