गणित-विज्ञानात पीएचडी करणाऱ्या एकुलत्या एक मुलींसाठी यूजीसीची फेलोशिप

पीएचडीला प्रवेश मिळालाय, नेट (राष्ट्रीय पात्रता परीक्षा) फक्त पात्रतेपुरती निघाली, जेआरएफ (संशोधनासाठी दरमहा पैसे देणारी ज्युनियर रिसर्च फेलोशिप) हुकली. अशा मुलीनं घरात ती एकटीच अपत्य असेल तर 'सावित्रीबाई जोतिराव फुले फेलोशिप फॉर सिंगल गर्ल चाइल्ड'चा अर्ज जरूर भरावा. यूजीसीची (विद्यापीठ अनुदान आयोगाची) याआधीची, स्वामी विवेकानंदांच्या नावाची योजना केवळ सामाजिक शास्त्रांसाठी होती. गणित, भौतिकशास्त्र, रसायनशास्त्र करणाऱ्या मुली तिच्यात बसतच नव्हत्या. आता सगळे विषय चालतात. तेव्हा विभागातल्या कुणी जुन्या माहितीवरून "ते आपल्यासाठी नाही" म्हटलं, तर ऐकून सोडून देऊ नका.

रक्कम जेआरएफइतकीच आहे. जानेवारी 2023 पासूनच्या दरानं पहिली दोन वर्षं महिना 37,000 रुपये. कामाचा आढावा समाधानकारक ठरला तर पुढे 42,000. एकूण मुदत जास्तीत जास्त पाच वर्षं. पुस्तकं, रसायनं, प्रवास अशा खर्चासाठी विज्ञान शाखेला पहिली दोन वर्षं वर्षाला 12,000 आणि नंतर 25,000 रुपये वेगळे मिळतात.

पात्रतेत खरा प्रश्न एकच: 'एकुलती' म्हणजे कोण? भाऊ असेल, मोठा असो की धाकटा, तर अर्ज बाद. जुळ्या बहिणी असतील आणि घरात तिसरं मूल नसेल तर चालतं. पीएचडी पूर्णवेळ आणि नियमित हवी. अर्धवेळ किंवा दूरस्थ नको. नुसता प्रवेश पुरत नाही, नोंदणी झालेली लागते. वयाची मर्यादा 40, तर अनुसूचित जाती-जमाती, ओबीसी आणि दिव्यांग मुलींसाठी 45. दुसरी फेलोशिप चालू असताना ही घेता येत नाही.

भाऊ नसावा ही अट मला खटकते. जिच्या घरी पैसे आधी भावाच्या शिक्षणाला जातात, तिची गरज जास्त, आणि नेमकी तीच बाहेर राहते. तिनं राज्य सरकारच्या बार्टी (अनुसूचित जाती), सारथी (मराठा-कुणबी), महाज्योती (ओबीसी, भटके-विमुक्त) यांपैकी आपल्या प्रवर्गाच्या संस्थेची फेलोशिप पाहावी. अल्पसंख्याक मुलींसाठी मौलाना आझाद राष्ट्रीय फेलोशिप होती, पण 2022-23 पासून ती नव्यानं मिळत नाही.

कागदपत्रांत आधार, पीएचडी नोंदणीचं पत्र, लागू असल्यास जातीचा किंवा दिव्यांगत्वाचा दाखला, संस्थाप्रमुखांची सही-शिक्का असलेलं प्रमाणपत्र ही नेहमीची मंडळी. वेळ खातं ते एकुलती असल्याचं प्रतिज्ञापत्र. ते यूजीसीच्या ठरलेल्या नमुन्यात, 100 रुपयांच्या स्टँप पेपरवर करायचं आणि त्यावर प्रांताधिकारी, प्रथम वर्ग न्यायदंडाधिकारी किंवा तहसीलदारापेक्षा कमी दर्जाचा नसलेला राजपत्रित अधिकारी यांची सही घ्यायची. कोर्टाबाहेर बसलेल्या नोटरीचा शिक्का इथे पुरत नाही. महाराष्ट्रात ऑक्टोबर 2024 मध्ये किमान मुद्रांक शुल्क 100 वरून 500 झालं, त्यामुळे कोणत्या किमतीचा कागद मिळतो याची मुद्रांक विक्रेत्याकडे आधीच चौकशी करा. तहसील कार्यालयात साहेब दौऱ्यावर असले की आठवडा सहज जातो, म्हणून जाहिरात यायची वाट न पाहता नमुना उतरवून तयारीला लागा.

अर्ज फक्त ऑनलाइन, यूजीसीच्या संकेतस्थळावरून. नाव, जन्मतारीख आणि आई-वडिलांची नावं आधार, नोंदणीपत्र आणि प्रतिज्ञापत्र या तिन्हींत अक्षरशः सारखी हवीत. लग्नानंतर आडनाव बदललं असेल तर तेवढं आधी निस्तरून घ्या.

निवड झाल्यावर पैसे थेट बँक खात्यात येतात, पण संस्थेनं दर महिन्याला पोर्टलवर हजेरीची पुष्टी केली तरच. विद्यापीठात हे काम नेमकं कुठल्या टेबलावर होतं ते पहिल्याच महिन्यात शोधून ठेवा. आणखी एक: यूजीसीच्या 2022 च्या नियमांनुसार महिला संशोधकांना 240 दिवसांपर्यंत प्रसूती किंवा बालसंगोपन रजा मिळते आणि प्रबंधासाठी दोन वर्षं जादा मिळू शकतात. फेलोशिपची मुदत मात्र त्यामुळे वाढत नाही. पाच वर्षांच्या हिशेबानंच काम आखा.