अ‍ॅबट्स ब्रॉमली

इंग्लंडच्या स्टॅफर्डशर कौंटीतील एक लहान खेडे. युटॉक्सिटर व रूजली या गावांच्या दरम्यान, जुन्या नीडवुड अरण्याच्या बाजूला वसलेले. वुल्फ्रिक स्पॉट या सॅक्सन सरदाराच्या मृत्युपत्रान्वये (सु. १००२–०४) ही जमीन बर्टनच्या मठाला मिळाली, नावातील ‘अ‍ॅबट’ म्हणजे या मठाचा अधिपती. मठ बरखास्त झाल्यावर १५४६ मध्ये ती विल्यम पॅजेटकडे गेली व गावाला काही काळ पॅजेट्स ब्रॉमली असेही म्हणत. चौकातील लाकडी खांबांचा बटर क्रॉस व सेंट निकोलस चर्च या जुन्या वास्तू. गावाची ख्याती मात्र शिंगनृत्यामुळे (हॉर्न डान्स) आहे.

हे नृत्य ४ सप्टेंबरनंतरच्या पहिल्या रविवारी नव्हे, तर त्याच्या दुसऱ्या दिवशी, सोमवारी होते. सकाळी चर्चमधून शिंगे बाहेर निघतात आणि नर्तक शेतवाड्या, घरे, पब असे करीत बॅगट घराण्याच्या ब्लिथफील्ड हॉल या वाड्यापर्यंत जाऊन संध्याकाळी परततात. सहा शिंगवाले, लाकडी घोडा घेतलेला एक (गोव्यातील घोडेमोडणी पाहिलेल्यांना कल्पना येईल), विदूषक, धनुर्धारी मुलगा, मेड मॅरियनच्या (रॉबिन हूडच्या कथांतील नायिका) वेशातील पुरुष आणि दोन वादक असा बारा जणांचा ताफा असतो. प्रथम एका ओळीत वळसे घेत चालायचे, मग तीन-तीनच्या दोन रांगा समोरासमोर येऊन पुढे-मागे सरकतात व एकमेकींतून पार होतात.

शिंगे रेनडिअरची आहेत. ती कोरीव लाकडी मुंडक्यांना जोडून खाली दांडा बसवलेला आहे. सर्वांत जड जोडीचे वजन सुमारे ११ किग्रॅ. व रुंदी जवळजवळ एक मीटर भरते. १९७६ साली एका शिंगाच्या कपचीची किरणोत्सर्गी कार्बन पद्धतीने तपासणी झाली व काल इ. स. १०६५ ± ८० असा आला. हा आकडा पुष्कळदा नृत्याच्या वयाचा दाखला म्हणून दिला जातो, ते बरोबर नाही. एक तर ± ८० ही मर्यादा दोन-तृतीयांश संभाव्यतेची. खात्री वाढवायची तर कालखंड दोन्हीकडे आणखी ताणावा लागतो. दुसरे, तपासणीतून प्राणी केव्हा मेला एवढेच कळते; शिंगे गावात केव्हा आली हे नव्हे. अकराव्या शतकात ब्रिटनमध्ये रेनडिअर उरले नव्हते, तेव्हा ती स्कँडिनेव्हियातून आली असावीत असे बहुतेक अभ्यासक मानतात. ती नॉर्स (स्कँडिनेव्हियन) वसाहतवाल्यांनी आणली की पुढे व्यापारातून आली, याबद्दल केवळ तर्क आहेत.

नृत्याचा पहिला सविस्तर उल्लेख रॉबर्ट प्लॉटने १६८६ मध्ये स्टॅफर्डशरच्या निसर्गेतिहासात केला. त्याच्या म्हणण्याप्रमाणे, लोकांच्या स्मरणातील काळात ते नाताळ, नववर्षदिन व ट्वेल्फ्थ डे (नाताळनंतरचा बारावा दिवस) या दिवशी होत असे, आणि मुख्य पात्र लाकडी घोड्याचे होते. घोडेवाल्याच्या हातातील धनुष्याला भोक होते. त्यातून बाण ओढताना तो खाचेवर अडून ‘टक्’ असा आवाज होई व त्यावर ताल धरला जाई. तीन शिंगे पांढरी, तीन तांबडी रंगवलेली असून त्यांवर पॅजेट, बॅगट व वेल्स घराण्यांची चिन्हे होती. शिवाय एक भांडे असे. गावचे चार-पाच प्रमुख ते आळीपाळीने सांभाळत. केक व एल मद्याचा खर्च वजा जाता जमलेल्या पैशांतून चर्चची डागडुजी व गरिबांचे पोषण होई. सर सायमन डेग याने प्लॉटच्या ग्रंथाच्या आपल्या प्रतीत, इंग्लंडमधील यादवी युद्धापूर्वी हे नृत्य आपण पाहिल्याची नोंद केली आहे.

विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात लोकविद्यावाल्यांना यात ख्रिस्तपूर्व मृगयाविधी किंवा सुफलीकरणविधी दिसला. दुसरे मत, अरण्यातील शिकारीच्या हक्कांचे ते स्मारक असावे. १२२६ च्या बार्थोलोम्यू जत्रेत प्रथम नाच झाला, असे गावात सांगतात. त्याला समकालीन आधार दाखवला जात नाही. थेरेसा बकलंड, रॉनल्ड हटन आदी अभ्यासकांनी कागदपत्रे तपासल्यावर वर्गणी गोळा करण्याच्या मध्य इंग्लंडातील घोडेनाचांशी त्याचे नाते अधिक जवळचे ठरते. भांड्याचा व जमलेल्या पैशांचा तपशील पाहता हा पक्ष सरस वाटतो.

सप्टेंबरमधील दिवस पुढे केव्हातरी ठरला. आजचा पोशाख एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धातला. इतरत्र नृत्यमंडळ्या वाजवतात ती करुण धून गावातील नर्तक सहसा वापरत नाहीत. त्यांच्या साथीला मेलोडियन या अकॉर्डियनसारख्या वाद्यावरील परिचित, उडत्या चाली असतात. जुनी शिंगे गावाबाहेर नेत नाहीत. बाहेरच्या कार्यक्रमांसाठी दुसरा संच आहे.

सप्टेंबर १५८६ मध्ये फॉदरिंगेच्या किल्ल्यात नेली जात असताना स्कॉट्सची राणी मेरी येथून गेली. ब्लिथफील्डच्या बॅगट शेळ्या इंग्लंडचा राजा दुसरा रिचर्ड याने भेट दिल्याचे सांगतात; कळप संपला तर बॅगट घराणेही संपेल अशी समजूत आहे.