डिमरचा कोमटपणा आणि बटणाचा चटका

एकाच मॉड्युलर बोर्डावर दिव्याच्या डिमरची गोल खुंटी असते आणि दोन बोटांवर गीझरचं किंवा इस्त्रीचं बटण. थोडा वेळ वापर झाल्यावर दोन्हींवर हात ठेवला तर दोन्ही गरम लागतात. घरची माणसं मग डिमरला घाबरून वायरमनला फोन लावतात आणि बटणाकडे मात्र "एवढा लोड चालू होता, गरम होणारच" म्हणून काणाडोळा करतात. व्हायला हवं बरोबर उलटं. डिमरचं गरम होणं बहुतेक वेळा त्याच्या कामाचाच भाग असतं. बटणाचं गरम होणं हा बहुतेक वेळा बिघाड असतो, आणि तो महिन्यागणिक वाढत जाणारा असतो.

आधी डिमरच्या पोटात काय चालतं ते बघू. तिथे ट्रायॅक नावाचा तीन पायांचा अर्धवाहक भाग असतो. आपल्याकडची वीज 50 हर्ट्झची, म्हणजे सेकंदाला 100 वेळा व्होल्टेज शून्यावरून जातं. प्रत्येक वेळी शून्य ओलांडलं की ट्रायॅक क्षणभर वाट अडवून धरतो आणि मग मोकळी करतो. खुंटी फिरवून आपण फक्त हा अडवण्याचा वेळ कमीजास्त करत असतो. जास्त अडवलं की दिवा मंद. वाट मोकळी केल्यावरही ट्रायॅक स्वतःवर साधारण एक ते दीड व्होल्ट ठेवून घेतो, आणि हे व्होल्ट उष्णता होऊन बाहेर पडतात. 400 वॉटचं जुन्या पिवळ्या बल्बांचं झुंबर असेल तर 230 व्होल्टवर पावणेदोन अँपिअर वाहतात, म्हणजे डिमरमध्ये साधारण दोन वॉट उष्णता. दोन वॉट ऐकायला किरकोळ, पण भिंतीतल्या बंद डब्यात, चहूबाजूंनी प्लास्टिक असताना, तेवढ्यात पुढची प्लेट कोमट व्हायला वेळ लागत नाही. ट्रायॅकच्या पाठीला जो धातूचा पत्रा जोडलेला असतो तो ही उष्णता पसरवण्यासाठीच. डबा लहान पडतो म्हणून तो पत्रा वाकवून किंवा कापून बसवणारे महाभाग आहेत. त्यांच्या हातचा डिमर लवकर जातो.

दिवा मंद केला की उरलेली वीज डिमरमध्ये 'जळते' असं बरेच जण मानतात. ट्रायॅकच्या डिमरला हे लागू नाही. हा समज आला पंख्याच्या जुन्या रेग्युलेटरवरून. बोर्डाच्या बाहेर बसणारा, अंगाला भोकं असलेला तो मोठा ठोकळा आठवत असेल. त्यात रोधाची तार गुंडाळलेली असायची आणि पंखा हळू केला की उरलेलं व्होल्टेज खरोखरच त्या तारेत उष्णता होऊन जायचं. म्हणून एक-दोन नंबरवर तो जास्त तापायचा आणि पाचवर थंड राहायचा. ट्रायॅकचा डिमर पिवळ्या बल्बावर असेल तर उलट पूर्ण उजेडाच्या जवळ जास्त गरम होतो, कारण तेव्हा करंट जास्त. आजकाल पंख्याला जो टकटक करत फिरणारा पाच पायऱ्यांचा रेग्युलेटर असतो तो तिसराच प्रकार. त्यात कपॅसिटर (थोडी वीज साठवून सोडणारे भाग) असतात, ट्रायॅक नसतो, आणि तो जवळजवळ गरमच होत नाही. तो हाताला गरम लागत असेल तर मात्र बघायला हवं.

आता बटण. बटणात काहीही 'अडवून ठेवण्याचं' काम नाही. दोन धातूचे ठिपके, बहुधा चांदीच्या मिश्रधातूचे, स्प्रिंगच्या जोरावर एकमेकांवर दाबले जातात आणि मागे दोन स्क्रूंखाली वायरी आवळलेल्या असतात. सगळं नीट असेल तर या वाटेचा रोध काही मिलिओहम, म्हणजे ओहमचे काही हजारावे भाग, असतो. 3,000 वॉटचा इन्स्टंट गीझर घ्या. तो 13 अँपिअर ओढतो. वाटेत 5 मिलिओहम असतील तर उष्णता होते 13 गुणिले 13 गुणिले 0.005, म्हणजे एक वॉटही नाही. आता मागचा एक स्क्रू किंचित ढिला झाला, तांब्यावर काळपट थर धरला आणि रोध 100 मिलिओहमवर गेला असं धरा. उष्णता होते 17 वॉट. रेडिओ दुरुस्त करणाऱ्याच्या हातातली छोटी सोल्डरिंग इस्त्री 25 वॉटची असते. तिच्या दोन तृतीयांश ताकद तुमच्या बोर्डात, एका स्क्रूच्या टोकाशी बसली आहे.

या जागी वाया जाणारं व्होल्टेज मोजलं तर ते येतं 1.3. म्हणजे ट्रायॅक स्वतःवर ठेवतो जवळजवळ तेवढंच! पण ट्रायॅकचं व्होल्टेज करंट कितीही असला तरी फारसं बदलत नाही, त्यामुळे करंट दुप्पट झाला तर उष्णताही साधारण दुप्पट. ढिल्या सांध्याचं तसं नाही. तिथे करंट दुप्पट झाला की उष्णता चौपट. म्हणून तोच खराब सांधा मोबाइल चार्जरवर वर्षानुवर्षं गुपचूप बसून राहतो आणि ज्या दिवशी तिथे इंडक्शन शेगडी लावता त्या दिवशी वास येतो.

आणि सांधा आहे तिथे थांबत नाही. तापला की तांबं आणि पितळ फुगतात, निवले की आक्रसतात, त्या खेळात स्क्रूची पकड आणखी सैल होते. तापलेल्या तांब्यावर ऑक्साइड लवकर धरतो, रोध वाढतो, ताप वाढतो. आतली स्प्रिंगही उष्णतेने जोर सोडते, मग ठिपक्यांचा दाबही कमी. कोकणात आणि मुंबईच्या किनाऱ्यालगत खारट दमट हवा पितळेवर हिरवट थर चढवते आणि हे सगळं आणखी लवकर होतं. जुन्या घरांत ॲल्युमिनियमची वायर असेल तर विचारायलाच नको. ॲल्युमिनियम स्क्रूखाली हळूहळू दबून पसरतं, शिवाय त्याचा ऑक्साइड वीज जाऊ देत नाही.

इथे लोक हमखास म्हणतात, "एवढं होत असेल तर एमसीबी पडेल की!" म्हणजे करंट जास्त झाला की आपोआप पडणारा तो खटका. नाही पडणार. एमसीबी पाहतो करंट, आणि ढिल्या सांध्यामुळे करंट वाढत नाही, कणभर कमीच होतो. 13 अँपिअरचा गीझर 13 अँपिअरच घेतो आहे, मग 16 किंवा 20 च्या एमसीबीने तक्रार का करावी? शॉकपासून वाचवणारा आरसीसीबी पाहतो फेजमधून गेलेला करंट न्यूट्रलमधून पूर्ण परत आला की नाही. तोही इथे पूर्ण परत येतो. ज्या राखणदारांच्या भरवशावर आपण निर्धास्त असतो ते दोघेही या बिघाडाला आंधळे आहेत. इथे कामाला येतात ते नाक आणि हात. तापलेल्या प्लास्टिकचा वास पुष्कळदा कुजक्या मासळीसारखा येतो. घरात मासळी नसताना तो आला तर बोर्डाकडे जा.

एक कोडं मात्र वायरमनलाही चकवतं. 9 वॉटच्या एलईडीचं बटण गरम लागतं. हिशेबाने हे अशक्य आहे. 9 वॉटचा दिवा 0.04 अँपिअरच्या आसपास घेतो, त्याने अगदी सडका सांधाही तापायचा नाही. बटण बदललं तरी गरम! उत्तर बोर्ड उघडल्यावर मागे दिसतं. आपल्याकडे फेजची वायर बोर्डात एकदाच येते आणि मग एका बटणाच्या टर्मिनलवरून दुसऱ्याच्या, तिथून तिसऱ्याच्या, अशी छोट्या तुकड्यांनी लूप करत नेलेली असते. दिव्याचं बटण त्या रांगेत पहिलं असेल तर शेवटच्या सॉकेटला लावलेल्या इस्त्रीचा सगळा करंट त्याच्या स्क्रूखालून जातो. दिवा बंद असला तरी! एका भोकात दोन-दोन, तीन-तीन वायरी कोंबलेल्या असतात, त्यातली एक घट्ट आणि बाकीच्या नुसत्या टेकलेल्या. तापतो तो स्क्रू, दोष येतो बिचाऱ्या दिव्याच्या बटणावर. यावर उपाय म्हणजे जड सॉकेटला मेन डीबीपासून, म्हणजे एमसीबी बसवलेल्या मुख्य पेटीपासून, वेगळी वायर ओढणं. दिव्यांना दीड चौरस एमएमची वायर चालते, पण सोळा अँपिअरच्या पॉइंटला निदान अडीचची हवी.

असाच एक चकवा सॉकेटचा. सॉकेटमधल्या पितळी पट्ट्यांची पकड सैल झाली की प्लगची पिन तापते, ती उष्णता पितळातून आणि वायरीतून शेजारच्या बटणापर्यंत पोचते. प्लग बाहेर काढून पिना बघा. एकच पिन काळवंडलेली असेल तर आजारी सॉकेट आहे, बटण नव्हे. आणि सोळाच्या प्लगला सहा अँपिअरच्या सॉकेटमध्ये घुसवणारा तो कन्व्हर्टर! 1,500 वॉटचा पाणी तापवायचा रॉडसुद्धा साडेसहा अँपिअर घेतो. कन्व्हर्टर बाजारात मिळतो म्हणून तो सुरक्षित ठरत नाही. माझ्या मते घरात नसलेलाच बरा.

"काका, बटण गरम लागतंय." "ताई, सोळाचं टाकून देतो, टेन्शनच नको." हा संवाद घरोघरी होतो. लोड खरोखरच सहापेक्षा जास्त असेल तर सोळाचं बटण हवंच. पण वायरीचं टोक जळकं तसंच ठेवून त्याच्यावर नवं, महागडं बटण आवळलं तर दोन-चार महिन्यांत पुन्हा तेच. काळं पडलेलं टोक कापून लखलखीत तांबं दिसेपर्यंत मागे जायचं, मग आवळायचं. मल्टीस्ट्रँड वायरीची टोकं पसरू नयेत म्हणून त्यांना कथलाचा डाग देण्याची सवय अनेकांना आहे. दिसायला काम सुबक, पण डागाचा मऊ धातू स्क्रूच्या दाबाखाली सरकत राहतो आणि पकड ढिली पडते. त्यापेक्षा टोकावर लग, म्हणजे धातूची छोटी टोपी, दाबून बसवलेला चांगला. आणि एकदा तापून पिवळं पडलेलं बटण पुन्हा वापरू नये, आतली स्प्रिंग गेलेली असते. हे सगळं मेन बंद करून, आणि ज्याला हे काम येतं त्याच्याकडूनच.

मग हात लावून ओळखायचं कसं? दिवसा, कोरड्या हाताने, बोटांच्या मागच्या बाजूने. जड उपकरण वीस मिनिटं चालवा आणि मग बटण, सॉकेट, शेजारची बटणं अशी एकेक तपासा. चांगलं बटणही भरपूर लोडवर किंचित उबदार होऊ शकतं, त्यात गैर काही नाही. स्विचच्या आंतरराष्ट्रीय मानकातही टर्मिनलची तापवाढ खोलीच्या तापमानापेक्षा 45 अंशांपर्यंत चालते. पण ती आतल्या टर्मिनलची गोष्ट झाली. बाहेरच्या प्लास्टिकवर हात ठेवून राहवत नसेल, एकाच कोपऱ्यात पिवळट डाग असेल, बटण दाबताना चर्र असा आवाज येत असेल किंवा बटण बोटाने हलवल्यावर दिवा मिचमिचत असेल, तर ते उपकरण त्या पॉइंटवर त्या दिवसापासून बंद. डिमरचं निदान वेगळं. तो वर्षभरापूर्वी जितका कोमट होता तितकाच आज असेल तर सोडून द्या. त्याच दिव्यांवर तो अचानक जास्त तापायला लागला, किंवा दिवे वाढवले आणि त्याच्या अंगावर लिहिलेल्या वॉटच्या वर गेले, तर त्याला हात घाला.

मरतानाही दोघं वेगळे. ट्रायॅक बहुधा शॉर्ट होऊन जातो, म्हणजे वाट कायमची उघडी. खुंटी कुठेही फिरवा, दिवा पूर्ण उजेडावरच. कपॅसिटरवाल्या रेग्युलेटरचा कपॅसिटर खचला तर पाच नंबरवर पंखा नीट, कारण तिथे कपॅसिटर वाटेतच नसतो, आणि खालच्या नंबरांवर मात्र पंखा मरगळतो किंवा हलतच नाही. बटण मात्र दोन्ही बाजूंनी मरतं. जळून वाट तुटली तर चालू होत नाही. ठिपके एकमेकांना चिकटले तर बंद होत नाही, आणि हा दुसरा प्रकार एलईडीच्या जमान्यातही होतो. स्वस्त एलईडी ड्रायव्हरमधला (दिव्याला वीज पुरवणाऱ्या सर्किटमधला) रिकामा कपॅसिटर चालू होण्याच्या क्षणी नेहमीच्या कितीतरी पट करंट एकदम ओढतो. एका बटणावर सीलिंगचे वीस दिवे असतील तर तो दणका ठिपक्यांना वितळवून जोडू शकतो.

एलईडी डिमरलाही सोसत नाही. ट्रायॅकला उघडं राहायला एक किमान करंट लागतो. पाच-सात वॉटचा एकच दिवा तेवढा देत नाही, मग दिवा लुकलुकतो आणि डिमर गुणगुणतो. शिवाय पिवळ्या बल्बांसाठी लिहिलेले 400 वॉट एलईडीला तसेच्या तसे लागू होत नाहीत, ड्रायव्हरच्या त्या दणक्यांमुळे बराच कमी लोड धरावा लागतो. दिव्याच्या खोक्यावर 'डिमेबल' लिहिलेलं नसेल तर डिमरवर लावूच नये. तीच गोष्ट बीएलडीसी, म्हणजे ब्रश नसलेल्या डीसी मोटरच्या, पंख्याची. त्याचा वेग त्याच्या स्वतःच्या सर्किटमध्ये ठरतो, रिमोटने. भिंतीवरचा जुना रेग्युलेटर मध्ये तसाच ठेवून वायरमन निघून जातो, मूल कुतूहलाने खुंटी फिरवतं, आणि पंख्यातलं सर्किट कापलेल्या व्होल्टेजवर धडपडत राहतं. असा पंखा बसवताना रेग्युलेटर वाटेतून काढून सरळ बटणावर जोडून घ्या, आणि रिकाम्या झालेल्या जागी कोरी प्लेट बसवायला सांगा, नाहीतर पुढच्या पावसाळ्यात मुंग्या तिथे वारूळ करतील.