आलेफ (जॅझ अल्बम)

आलेफ हे हिब्रूतलं पहिलं मुळाक्षर, आणि त्याच नावाचा हा अल्बम न्यूयॉर्कचा सॅक्सोफोनवाला जॉन झॉर्न याच्या मसादा या चौकडीचा पहिला. १९९४ च्या फेब्रुवारीत न्यूयॉर्कलाच रेकॉर्ड झाला, पण काढला जपानच्या डीआयडब्ल्यू लेबलने. पुढचे अल्बमही ओळीने बेत, गिमेल, दालेत असे, थेट दहाव्या योदपर्यंत. मसादा म्हणजे मृत समुद्राजवळचा डोंगरी किल्ला, ज्यूंच्या बंडात रोमनांनी वेढा घालून घेतलेला.

झॉर्न त्याआधी गोंगाटी, अंगावर येणाऱ्या म्युझिकसाठी ओळखला जायचा. १९९२ मध्ये म्युनिकच्या फेस्टिवलमध्ये त्याने क्रिस्टलनाख्त सादर केलं, १९३८ च्या नाझी हल्ल्यांवरचं, त्यात काचा फुटल्याचे आवाज इतके कर्कश की ऐकवत नाही. त्यामानाने आलेफमध्ये चक्क गुणगुणता येतील अशा चाली आहेत.

बरेच जण याला क्लेझमर-जॅझ म्हणून मोकळे होतात, ते मला अर्धवट वाटतं. क्लेझमर हे पूर्व युरोपातल्या ज्यू लग्नांमधलं वाजंत्री संगीत, व्हायोलिन आणि क्लॅरिनेट हुंदके दिल्यासारखे वाजतात ते. इथे त्यातले सूर घेतलेत, वरात नाही घेतली. फ्रेगिश म्हणून जी स्वरमाला या चालींमध्ये सारखी भेटते तिच्यात रे, ध, नी कोमल आणि ग, म शुद्ध, म्हणजे आपल्या बसंत मुखारीचेच स्वर, त्यामुळे मराठी कानाला पहिल्याच ऐकण्यात काहीतरी ओळखीचं लागतं (चलन अर्थातच वेगळं, राग शोधत बसू नका).

साचा मात्र सरळ ऑर्नेट कोलमनचा. १९५९ च्या सुमारास त्याने पियानोच काढून टाकून सॅक्सोफोन, ट्रम्पेट, बेस, ड्रम्स एवढ्यावर बँड उभा केला होता, तसंच इथे: झॉर्न, ट्रम्पेटवर डेव्ह डग्लस, बेसवर ग्रेग कोहेन, ड्रम्सवर जोई बॅरन. पियानोचे कॉर्ड्स नाहीत म्हणून फुंकून वाजवायची ही दोन्ही वाद्यं, सॅक्सोफोन आणि ट्रम्पेट, एकमेकांच्या अंगावर धावून जातात, मधेच एका सुरात येतात, आणि बॅरन कधी काठ्या ठेवून नुसत्या हातांनी ड्रम वाजवतो. अल्बमचा पहिलाच ट्रॅक जाईर, तिथूनच हे सगळं कळतं.

झॉर्नने ठरवलेलं की वर्षात शंभर चाली लिहायच्या, आणि चाल छोटी पाहिजे, कागदावर चार-पाच ओळींत मावेल एवढी, बाकी वाजवणाऱ्यांनी बघून घ्यायचं. या चालींचं पहिलं पुस्तकच दोनशेच्या वर गेलं, मग आणखी दोन पुस्तकं झाली आणि एकूण आकडा ६१३ वर थांबला, ज्यू परंपरेत तोरा या धर्मग्रंथातल्या आज्ञा ६१३ मानतात म्हणून. दुसऱ्या पुस्तकातल्या चाली त्याने दुसऱ्यांना वाजवायला दिल्या, त्यातला गिटारवाला पॅट मेथेनीचा २०१३ चा टॅप हा अल्बम ऐकला तर याच घराण्यातला आहे हे सांगूनही पटायला वेळ लागतो.